धावड्याच्या टेकडीवरची भारंगी

इंदूबाईचा राग नाकावर असतो, हे बेलदऱ्यात कोणीही सांगेल. पण त्या एका वर्षात तिला जेवढा राग आला, तेवढा लग्न होऊन या गावात आल्यापासून कधी आला नव्हता. आणि त्याची सुरुवात झाली ती कौतुकानं.

बेलदरा हे दारव्ह्याकडून जीपनं येताना डांबरी रस्ता संपतो तिथलं गाव. चारी बाजूंनी कपाशी, सोयाबीन, तुरीची वावरं आणि मागं धावड्याची टेकडी. टेकडी गायरानात मोडते, म्हणजे ती सगळ्यांची आणि कोणाचीच नाही. ढोरं चरायला जातात, बाया सरपण आणतात, आणि पावसाळ्यात इंदूबाई भाजी खुडायला जाते. आधी तरोटा, मग काटवलं, आणि श्रावण लागला की भारंगी.

भारंगी तुळशीच्याच कुळातली, पण तुळशीसारखी दारात नांदणारी नव्हे. कमरेएवढं झुडूप, खरबरीत पानं, पानांच्या कडांना करवतीसारखे दाते. शेंड्यावर फिकट निळ्या फुलांचा तुरा येतो आणि प्रत्येक फुलाची एक पाकळी तेवढी गडद जांभळी असते. उन्हाळ्यात वरचं सगळं वाळून जातं, कधी टेकडीला वणवा लागतो, ढोरं तुडवतात. तरी जमिनीत लाकडासारखं मूळ जिवंत असतं आणि पाऊस झाला की पुन्हा फुटतं. इंदूबाई नवी नवरी होती तेव्हा सासूनं तिला जी झुडपं दाखवली होती, तीच अजून तिथं होती. सासूनं एकच गोष्ट बजावली होती. पानं खुडायची, फुलं खुडायची, बुडाले हात लावायचा नाही.

त्या वर्षी दारव्ह्यातल्या ‘हिरवाई मंच’ नावाच्या मंडळींनी रानभाज्यांचा महोत्सव भरवला. मंचाची सुरभी नावाची मुलगी गावोगाव फिरून बाया गोळा करत होती. वनस्पतिशास्त्र शिकलेली, बोलायला गोड. इंदूबाईच्या ओसरीवर बसून तिनं भारंगीची भाजी खाल्ली, बोटं चाटली आणि म्हणाली, “मावशी, तुम्ही आला नाहीत तर महोत्सवाला काही अर्थच नाही.”

इंदूबाईला हे ऐकायला फार बरं वाटलं. ठेवणीतलं पातळ नेसून ती गेली. पानं उकडून, कडू पाणी टाकून, भिजवलेली डाळ आणि भरपूर लसूण घालून केलेली भाजी परीक्षकांना आवडली. पहिला नंबर आला. कोणीतरी हातात माईक दिला. माईक हातात आल्यावर माणूस काय बोलत नाही! इंदूबाई भाजीबद्दल बोलली, सासूबद्दल बोलली, आणि उतरता उतरता म्हणाली, “आन् हिच्या मुळीचा काढा आमच्याकडे दम्याले देतेत.”

हे सगळं तिची नात वैष्णवी मोबाइलवर टिपत होती. वैष्णवी दारव्ह्याच्या कॉलेजात दुसऱ्या वर्षाला, आजीवर जीव टाकणारी. घरी येईपर्यंत जीपमध्येच तिनं तो व्हिडिओ नीट कापूनकुपून टाकला होता. वर लिहिलं होतं, ‘दम्यावर रामबाण! बेलदऱ्याच्या आजीचा उपाय.’

“रामबाण कवा म्हणली मी?” इंदूबाईनं विचारलं.

“तसं लिहा लागते आजी, नाही तं कोणी पाहत नाही.”

कोपऱ्यात बाजेवर बसून इंदूबाईचा नवरा उकंडा खोकत होता. हाच काढा तो वर्षानुवर्षं पीत आला होता आणि वर्षानुवर्षं खोकत आला होता. “मले इचारलं असतं तं मीच सांगतलं असतं,” तो म्हणाला, पण त्याच्याकडे कोणी लक्ष दिलं नाही. त्या संध्याकाळी घरात सगळे आनंदात होते.

पोळा झाला आणि पहिली मोटारसायकल आली. दोन पोरं होती, मागच्याच्या मांडीवर खोदायचं टिकास. “बुढे, ते दम्याचं झाड कुठीसा हाय?” त्यांनी विचारलं. इंदूबाईनं हातातलं काम टाकून त्यांना टेकडी दाखवली, पान दाखवलं, फूल दाखवलं. पाहुण्याला दाखवावं तसं. पोरांनी एक झुडूप मुळासकट उपटलं. ती ओरडली, तर म्हणाली, “मूळच पाह्यजे ना, तुमीच तं सांगतलं.”

एक गेलं, ठीक आहे, असं तिनं मनाला समजावलं. दुसऱ्या दिवशी चार मोटारसायकली. मग एक छोटा टेम्पो. दिग्रसकडून, पुसदकडून, कुठून कुठून. माणसं व्हिडिओतलं फूल आणि झुडूप ताडून पाहत, आणि खोदत. इंदूबाई रोज भाकर बांधून टेकडीवर जाऊन बसू लागली. येणाऱ्याला सांगायची, “बापा, बुडाले हात नोको लावू. थोडी मुळी घे, बाकी राहू दे, ते पुन्हा फुटते.”

ऐकणारे हो म्हणायचे. तिनं पाठ फिरवली की खड्डा पडलेला असायचा. एकजण तर सरळ म्हणाला, “टेकडी काय तुह्या बापाची हाय का?”

“नाई. तुह्या बी बापाची नाई,” इंदूबाई म्हणाली. पण तोवर त्याचं पोतं भरलं होतं.

सगळ्यात जास्त संताप तिला गंगीचा आला. गंगी शेजारची. दोघींच्या चुलीची राख एकाच उकिरड्यावर पडायची. एका सकाळी इंदूबाई टेकडी चढून जाते तर गंगी उकिडवी बसून खोदत होती. शेजारी टोपलं, टोपल्यात मुळ्यांच्या मोळ्या.

“गंगे, तू बी?”

“मंग काय करू?” गंगीनं मानही वर केली नाही. “ढाणकीचा येपारी घेऊन राह्यला. परके येऊन नेतेत ते चालते, म्या नेलं तं डोळ्यात खुपते?”

“अवं, पुढच्या साली काय खाशीन?”

“पुढच्या साली सोयाबीन खाईन,” गंगी म्हणाली आणि पुन्हा खोदायला लागली.

इंदूबाई तरातरा टेकडी उतरली.  ती घरी आली आणि तिनं वैष्णवीला सांगितलं, “थो व्हिडिओ काढून टाक.” वैष्णवीनं काढला. पण तोवर दुसऱ्या कितीतरी लोकांनी तो उचलून आपापल्या नावानं टाकला होता. एकात तर इंदूबाईच्या तोंडी कोणीतरी भलतंच गाणं घातलं होतं.

शेवटी ती दारव्ह्याला गेली, सुरभीला भेटायला. सुरभीनं सगळं ऐकलं आणि तिचा चेहरा खरोखर पडला. “मावशी, याचा विचार आम्ही करायला पाहिजे होता,” ती म्हणाली. “बसा तुम्ही. आपण काहीतरी करू. लोकांना महत्त्व कळलं की ते जपतात.”

मंचाची बैठक झाली. ग्रामपंचायतीची परवानगी आली. आणि नवरात्रात टेकडीच्या पायथ्याशी पाटी लागली. चांगली लोखंडी, दोन खांबांवर उभी. वर भारंगीचं मोठं रंगीत चित्र, इतकं हुबेहूब की इंदूबाईला स्वतःलाच कौतुक वाटलं. खाली लिहिलेलं वैष्णवीनं वाचून दाखवलं: ‘येथे दुर्मिळ व औषधी भारंगी आढळते. तिचे संरक्षण करा.’ आणि बाजूला टेकडीकडे दाखवणारा एक बाण.

पाटीच्या उद्घाटनाला नारळ फुटला. सरपंच बोलले, मंचाचे अध्यक्ष बोलले, सुरभी बोलली. इंदूबाईला पुन्हा माईक दिला, पण या वेळी तिनं तो घेतला नाही.

त्यानंतरच्या आठवड्यात जेवढे लोक आले, तेवढे आधी कधी आले नव्हते. पूर्वी लोकांना गावात शिरून विचारावं लागायचं, तेव्हा निदान इंदूबाईला कळायचं तरी. आता विचारायची गरजच उरली नाही. रस्त्यावरून जाणारा, ज्याला ना दमा ना खोकला, तोसुद्धा पाटी वाचून गाडी थांबवायचा. दुर्मिळ म्हणजे महाग, औषधी म्हणजे उपयोगाची, आणि बाण तर होताच.

“चित्र काढून देल्लं यायनं,” इंदूबाई उकंडाला म्हणाली. “चोराले घराचा नकाशा देल्ला.”

उकंडा म्हणाला, “तू उगी बस.”

ती उगी बसली नाही. दसऱ्याच्या दुसऱ्या दिवशी, भर सकाळी, सगळ्या गावादेखत ती कुदळ घेऊन गेली आणि तिनं पाटीच्या खांबांचं बूड खणायला घेतलं. सिमेंट ताजं होतं. एक खांब हलला, मग दुसरा. पाटी धाडकन तोंडावर पडली. इंदूबाईनं ती ओढत ओढत नाल्यात नेऊन टाकली आणि घरी येऊन हातपाय धुतले. बऱ्याच दिवसांनी तिला भूक लागली होती.

दुपारी सरपंच आले. त्यांच्यामागं मंचाचे अध्यक्ष, आणि त्यांच्यामागं मान खाली घातलेली सुरभी.

“इंदूबाई, ही पाटी लोकवर्गणीतून बसवली होती,” अध्यक्ष म्हणाले. “ज्या झाडासाठी आम्ही धडपड करतोय, त्याचीच पाटी तुम्ही पाडता? तुमच्यासारख्यांनी असं केलं तर निसर्ग वाचणार कसा?”

इंदूबाईनं तोंड उघडलं. तिला सांगायचं होतं की पाटीनं काय केलं, बाणानं काय केलं. पण सांगायला इतकं होतं की कुठून सुरू करावं ते कळेना. “तुमी टेकडीवर जाऊन पाहा,” एवढंच ती म्हणाली.

अध्यक्षांना पुढं दुसरा कार्यक्रम होता. टेकडीवर फक्त सुरभी गेली. खाली आली तेव्हा तिची चप्पल मातीनं भरली होती आणि डोळे लाल होते. “मावशी, सगळे खड्डेच खड्डे आहेत,” ती म्हणाली.

“मंग मी काय सांगून राह्यली?”

“आता कोणाला सांगायचं तेच कळत नाही मला.”

इंदूबाईला तिची कीव आली आणि त्याच वेळी तिच्या दोन थोबाडीत माराव्यात असंही वाटलं. तिनं चहा करून दिला. पोलिसात काही गेलं नाही. पाटी नाल्यातच राहिली.

दिवाळीच्या तोंडावर भारंगीची फुलं सरली, पानं पिवळी पडली. कुठं तरी उरलेली एखाददोन झुडपं वाळक्या काटक्यांसारखी दिसू लागली. आणि त्याच दिवसांत रानतुळस फुलली. रानतुळस म्हणजे कोणी न लावता आलेलं, टेकडी, बांध, रस्त्याच्या कडा सगळं व्यापून बसलेलं उग्र वासाचं तण. ढोरं तोंड लावत नाहीत, गवताला उगवू देत नाही. पण फूल निळंच, बारीक बारीक.

एक माणूस आला, हातात कुदळ. त्यानं टेकडीकडे पाहिलं आणि इंदूबाईला विचारलं, “माय, ते निळ्या फुलाचं झाड हे का?” आणि त्यानं बोट दाखवलं ते रानतुळशीकडे.

इंदूबाईनं नाही म्हणायला तोंड उघडलं होतं. मग तिच्या तोंडून शब्द निघाला, “व्हय. हेच.”

“लय हाय की इथं.”

“लय हाय. जेवढं नेशीन तेवढं ने. बुडापासून उपट.”

माणसानं मोठा भारा बांधला आणि तिचे आभार मानून गेला. इंदूबाई तिथंच दगडावर बसली आणि कितीतरी दिवसांनी हसली.

मग ती तेच करू लागली. जो येईल त्याला रानतुळस दाखवायची. पसाभर, पोतंभर, टेम्पोभर. गंगीलाही तिनं सांगितलं की व्यापाऱ्याला म्हणावं, मुळी हीच जोरदार असते. गंगीनं तिच्याकडे एकदा रोखून पाहिलं, काय समजायचं ते समजली, पण व्यापाऱ्याला रानतुळस घातली. लोक विश्वास ठेवत होते. बेलदऱ्याच्या आजीनं स्वतःच्या हातानं दाखवलेली मुळी म्हणून ती पुढं विकली जात होती. इंदूबाईला हसू यायचं तसाच संतापही यायचा. खरं सांगून सांगून घसा बसला तेव्हा एकानं ऐकलं नव्हतं, आणि खोटं बोलायला लागली तर तीन तालुके मान डोलावत होते!

“आजी, हे बरं नाही,” वैष्णवी म्हणायची. “कोणी आजारी पडलं तं?”

“रानतुळशीनं कोणी मरत नाई.”

“पण बरं बी होत नाही ना.”

“तुह्या बुढ्याले इच्यार, भारंगीनं तरी कोण बरं झालं!” इंदूबाई ओरडायची, आणि बाजेवरून उकंडाचा खोकला ऐकू यायचा.

तूर कापणीला आली त्या सुमारास पूनमसिंग आला. महागावकडच्या तांड्यावरचा हा माणूस आधी एकदा येऊन गेला होता. बायकोला दम्याचा त्रास म्हणून त्यानं रानतुळशीचा भारा नेला होता. आता तो हात जोडून, डोक्याचा रुमाल काढून ओसरीसमोर उभा राहिला. पिशवीत बोरं आणली होती.

“याडी,” तो म्हणाला. तांड्यावर आईला याडी म्हणतात. “तुनं माहं घर वाचवलं. बायकोले फरक पडला. रात्री निजते आता. म्या तिले म्हणलं, आता ते पंप-बिंप काही लागत नाही, सोडून दे.”

इंदूबाईच्या हातातलं सूप खाली आलं. “कोणतं पंप?”

“ते डॉक्टरनं देल्लं होतं ना, तोंडात फवारा मारायचं. सोडलं ते. तुहीच मुळी देऊन राह्यलो.”

“अरे बापा, सोडू नोको!” ती उठून उभी राहिली. “ते भारंगी नोहोय. ते रानतुळस होय. तण होय ते. म्या खोटं सांगतलं तुले.”

 पूनमसिंग समजूतदारपणे हसला. “याडी, तुहं बरोबर हाय. समदे लोक नेऊन राह्यले, तुह्यासाठी काही उरलं पाह्यजे. म्या कोणाले सांगत नाही.”

“अरे, तसं नाई! खरंच सांगते!”

“मंग तिले फरक कसा पडला?”

 इंदूबाईनं शपथ घेतली, वैष्णवीला साक्षीला बोलावलं, उकंडानंही बाजेवरून सांगून पाहिलं. पूनमसिंग प्रत्येकाचं ऐकून घ्यायचा आणि मान हलवायचा. बोरांची पिशवी ओसरीवर ठेवून, वाकून पाया पडून तो गेला. जाताना टेकडीवरून आणखी एक भारा घेऊन गेला.

त्या रात्री इंदूबाईला घास गेला नाही. सकाळी तिनं वैष्णवीला उठवलं. “चाल. तांड्यावर जाऊ.”

जीप बदलत, मग धुळीच्या रस्त्यानं पायी, दोघी दुपारपर्यंत पोहोचल्या. पूनमसिंग वावरात गेला होता. त्याची बायको दारात बसून तूर निवडत होती. बारीक चणीची, गालफडं बसलेली बाई, पण श्वास ठीक चालला होता. इंदूबाईनं बसायच्या आतच सगळं सांगून टाकलं. मुळी खोटी आहे, ते तण आहे, चूक माझी आहे, तू डॉक्टरचं औषध सोडू नको, वाटल्यास मी आजच तुला दवाखान्यात नेते.

बाईनं आधी रस्त्याकडे पाहिलं, कोणी येत नाही ना म्हणून. मग कमरेच्या पिशवीतून निळा पंप काढून दाखवला आणि पुन्हा आत सरकवला.

“म्या सोडलंच नाही याडी,” ती हळूच म्हणाली. “सकाळ-संध्याकाळ घेते. त्याले सांगू नोको.”

“मंग सोडलं म्हणून काहून सांगतलं?”

“त्यानं येवढ्या दूरून खोदून आणलं. थो सोता उकळते, सोता गाळते, पिऊन होईपर्यंत समोर बसते. कधी नाही ते.” तिनं तुरीतला खडा काढून फेकला. “लय घाण वास येते पण त्या काढ्याले. थोडं कमी वासाचं नाही का काही तुह्याजवळ?”

वैष्णवी फस्सकन हसली. इंदूबाईला मात्र हसू आलं नाही. जिवावरचं ओझं उतरलं होतं हे खरं, पण तिला असं वाटत होतं की जगात ती एकटीच धडपडते आहे आणि बाकीचे सगळे आपापलं छान जमवून बसले आहेत. बाईनं आग्रहानं जेवू घातलं. 

दुसऱ्या दिवसापासून इंदूबाईनं खोटं बोलणं बंद केलं. खरं बोलणं तर आधीच बंद होतं. आता कोणी आलं आणि भारंगी विचारली की ती म्हणायची, “मले नाई माहीत.”

“अवं, तुमीच ना त्या व्हिडिओतल्या?”

“बुढी झाली मी. ध्यानात राहत नाई.”

हे म्हणणं तिला फार जड गेलं. जिला गावात बाया पान दाखवून विचारायच्या, हे खाऊ का, हे खाऊ का, तिला ‘माहीत नाही’ म्हणावं लागणं म्हणजे काय, ते तिचं तिलाच ठाऊक. लोक हळूहळू यायचे थांबले. गावात बोलणं सुरू झालं की इंदूबाईला काही येत नव्हतंच, नुसती माईकवर बोलली. मंचानं दुसऱ्या वर्षीच्या महोत्सवासाठी बाया गोळा करायला घेतल्या, पण तिला विचारलं नाही. सुरभीचा एकदा फोन आला होता; दारव्ह्यातलं काम सोडून ती नागपूरला चालली होती. फोन ठेवताना म्हणाली, “मावशी, मला फार वाईट वाटतं.” इंदूबाई म्हणाली, “वाटू दे,” आणि मग तिलाच वाटलं की आपण थोडं नरम बोलायला हवं होतं.

आषाढ लागला. टेकडी पुन्हा हिरवी झाली. खड्ड्यांमध्ये पाणी साचलं, त्यांच्या कडांना तरोटा उगवला. एका सकाळी इंदूबाई आणि वैष्णवी भाजीला गेल्या. भारंगीच्या जुन्या जागा इंदूबाईनं एकेक करून पाहिल्या. काही नव्हतं. जिथं सासूनं पहिलं झुडूप दाखवलं होतं तिथं दगड उलथून पडला होता.

वरच्या अंगाला, दोन खडकांच्या सांदीत, जिथं टिकासाचा हात पोचला नसावा, तिथं वैष्णवी वाकली. एक कोंब होता. वीतभर, दात्यांची चार पानं, समोरासमोर.

“आजी! हे तेच ना?”

इंदूबाईनं पाहिलं. पानाच्या दात्यांवरून बोट फिरवलं. “नाई,” ती म्हणाली. “जंगली हाय काहीतरी.”

वैष्णवीनं मान वर केली. “मले बी खोटं सांगतेस?”

“नाई म्हणलं ना.”

“मी लहान होती तवापासून तू मले हे पान दाखवून राह्यली. मले काय कळत नाही का?”

“कळते तं इचारतेस कायले?” इंदूबाई एकदम भडकली. “खरं सांगून पाह्यलं ना तुले एकदा! काय झालं? समदी टेकडी गेली!”

बोलून गेल्यावर तिला कळलं की हे बोलायला नको होतं.  वैष्णवीनं मोबाइल काढून आजीच्या हातात दिला. “हे घे. ठेव तुह्याजवळ. मी कोणाले दाखवणार नव्हती. मले भाजी शिकायची होती फक्त.” आणि ती वळून, टोपली तिथंच टाकून, टेकडी उतरू लागली.

“वैष्णवे! थांब वो!”

पोरगी थांबली नाही.

इंदूबाई कोंबाजवळ बसली. मोबाइलचं काय करायचं ते तिला कळेना, तिनं तो ओच्यात टाकला. राग कोणाचा करावा? पोरीचा? त्या टेम्पोवाल्यांचा? गंगीचा, सुरभीचा? की माईकवर चढलेल्या स्वतःच्या तोंडाचा? सगळ्यांचा थोडा थोडा करून झाला, तरी राग उरलाच.

मग ती उठली. ढोरं कोंब खातील म्हणून तिनं बोरीच्या काट्या तोडून आणल्या आणि खडकांच्या सांदीभोवती रचल्या. चांगलं कुंपण झालं. चार पावलं मागं जाऊन तिनं पाहिलं. सगळ्या टेकडीत ते कुंपण असं डोळ्यात भरत होतं की कोणीही विचारलं असतं, आत काय आहे? पाटीत आणि यात फरक काय राहिला? दात-ओठ खात तिनं एकेक काटी उचलून लांब फेकली. हाताला ओरखडे आले. कोंब पुन्हा उघडा पडला, ढोरांना, माणसांना, पावसाला.

तिनं सांदीतलं एक वाळकं पान काढलं आणि पुन्हा होतं तिथंच ठेवून दिलं. वैष्णवीची टोपली उचलली. खाली वाटेवर पोरगी एका दगडावर बसलेली दिसत होती, पाठ इकडे करून. गेली नव्हती तर.

“इकडून ये आजी,” पाठमोरीच वैष्णवी ओरडली. “तिकडून घसरशीन.”

इंदूबाई सरळ वाटेनं उतरली नाही. आपल्या पावलांनी त्या सांदीकडे पायवाट पडू नये म्हणून ती खडकांवरून, लांबचा वळसा घेऊन, दोनदा घसरत, स्वतःशी पुटपुटत खाली आली. पोरीजवळ पोचली तेव्हा तिला धाप लागली होती. मोबाइल परत दिला. 

“फुलं आल्यावर भाजी करू,” इंदूबाई म्हणाली. “औंदा नाई. पुढच्या साली. तिले जोर धरू दे.”

“आणि पुढच्या साली कोणी खोदली तं?”

“मले काय इचारतेस!” इंदूबाई खेकसली. टोपलीत तरोट्याचे दोन मूठ कोंब होते, तेवढेच घेऊन दोघी घरी गेल्या.